पाहुण्यांसाठी भाजलेलं कॅमेम्बेर

कॅमेम्बेर हे फ्रान्सच्या नॉर्मंडी भागातलं गाईच्या दुधाचं मऊ चीज. साधारण २५० ग्रॅमची ही चपटी गोल चकती लाकडी डबीत मिळते. दूरच्या प्रवासासाठी ही डबी १८९०च्या सुमारास वापरात आली आणि आता तीच भाजण्याचं भांडं होते.

चीज निवडतानाच निम्मं काम होतं. बोटाने दाबल्यावर मधोमध किंचित दबणारी चकती घ्यावी. सालीवरची पांढरी बुरशी आतली प्रथिनं हळूहळू फोडत जाते, म्हणून पिकलेलं चीज उष्णतेत रसरशीत वितळतं. कच्चं मात्र मधोमध घट्ट राहतं. पनीर इथे चालणार नाही. ते आम्लाने फाडलेलं असल्याने तापवलं तरी वितळत नाही.

कागद काढून चीज पुन्हा डबीत ठेवावं, झाकण बाजूला. डबी डिंकाने चिकटवलेली असेल तर सुती दोऱ्याने बांधावी किंवा चीज सरळ छोट्या ओव्हनच्या भांड्यात ठेवावं. वरच्या सालीवर सुरीने चौकडी चिरा देऊन त्यांत लसणाचे पातळ काप आणि थाइम किंवा रोझमेरी खोचावी, थोडं ऑलिव्ह तेल सोडावं. मीठ नको, चीज खारटच असतं. १८० अंश सेल्सिअसला तापलेल्या ओव्हनमध्ये १५ ते २० मिनिटं पुरतात. जास्त वेळ ठेवल्यास तूप सुटून चीज चिवट होतं.

साल खाण्याजोगी, किंबहुना चवीची असते. सोबत कुरकुरीत पाव, सफरचंदाच्या फोडी, अक्रोड. वर मधाची धार फारच छान लागते. गार होताच ते घट्ट होतं, त्यामुळे पाहुणे बसल्यावरच बाहेर काढावं.