गवताळ मुलुखातली वस्ती (लेखांक ६) : ओढ्याकाठच्या झाडांचा हिशेब

नेब्रास्काच्या आग्नेय भागातल्या गेज काउंटीचं नाव अमेरिकेच्या इतिहासात येतं ते डॅनियल फ्रीमनमुळे. कसणाऱ्याला सरकारी जमीन देणारा होमस्टेड कायदा १८६२चा, पण त्याचा अंमल सुरू झाला १ जानेवारी १८६३ला. त्याच दिवशी फ्रीमनने ब्राउनव्हिलच्या जमीन कचेरीत १६० एकरांसाठी अर्ज नोंदवला. अर्जाचा क्रमांक १. ती जमीन बीॲट्रिस गावाच्या पश्चिमेला आहे आणि आज तिथे राष्ट्रीय ऐतिहासिक उद्यान आहे. मोकळा माळ, एकटा शेतकरी आणि पहिला नांगर, असं चित्र या हकिगतीतून मनात ठसतं. माळ मोकळा होता, ही त्यातली गोष्ट मात्र पुराव्यावर टिकत नाही. या मुलुखात मोलाचं काय, हे सगळ्यांनाच ठाऊक होतं: पाणी आणि ओढ्याकाठची झाडं. ती कोणाच्या हाती राहायची, हे कागदांनी ठरवलं आणि त्यातला पहिला कागद फ्रीमनच्या अर्जाहून जुना आहे.

फ्रीमनच्या जमिनीचा नकाशाच पाहा. सरकारी मोजणीत एक चौरस मैलाचे ६४० एकर, त्याचा चौथा हिस्सा १६० एकर. म्हणजे सरळ चौकोनी तुकडा सहज घेता आला असता. फ्रीमनने चाळीस-चाळीस एकरांचे चार तुकडे असे निवडले की जमिनीचा आकार इंग्रजी ‘टी’ अक्षरासारखा झाला. त्यामुळे कब क्रीकचं पाणी आणि काठची झाडी त्याच्या हद्दीत आली. पाच वर्षांनी, १८६८ साली, जमीन कसल्याचा पुरावा म्हणून दोन साक्षीदारांनी लिहून दिलेला कागद उपलब्ध आहे. १४ बाय २० फुटांचं घर, अर्धं ओंडक्यांचं आणि अर्धं फळ्यांचं. दोन दारं, दोन खिडक्या. ३५ एकरांच्या आसपास लागवड, शंभर फूट लांबीचा मेंढवाडा, मक्याची कणगी, सफरचंदाची ४० आणि पीचची सुमारे ४०० झाडं. लाकूड जवळ असल्याशिवाय यातलं निम्मंही इतक्या लवकर उभं राहणं अवघड होतं. शेजारच्या उघड्या माळावर लोक मातीची ढेकळं रचून घरं बांधत, ती हौसेने नव्हे.

आता तो जुना कागद. अमेरिकी सरकारशी झालेल्या मार्च १८५४च्या तहाने ओटो-मिझुरिया या मूळनिवासी लोकांनी मिसुरी नदीच्या पश्चिमेकडचा मुलूख सोडला आणि बिग ब्ल्यू नदीच्या परिसरात १० मैल रुंद, २५ मैल लांब एवढी राखीव जमीन स्वतःकडे ठेवली. तिचा मोठा भाग आजच्या गेज काउंटीच्या दक्षिण भागात येतो. नेमून दिलेल्या जागी लाकूड नाही हे लक्षात आल्यावर त्याच वर्षी डिसेंबरात हद्द पाच मैल पूर्वेला सरकवून घेण्यात आली. म्हणजे फ्रीमनने नऊ वर्षांनी जो हिशेब केला, तोच ओटोंनी आधी केला होता. पुढे वस्ती दाटली तसं राखीव जमिनीतलं लाकूड चोरून तोडलं जाऊ लागलं, आणि तिथले सरकारी एजंट त्याच्या तक्रारी करत राहिले. शिकारीचे गवेही संपत चालले होते. १८८१ साली ओटो-मिझुरिया तिथून निघाले आणि आजच्या ओक्लाहोमात गेले. उरलेल्या जमिनीचा लिलाव झाला.

यावर असं म्हणता येईल की ओटोंनी तहावर सह्या केल्या, जमिनीची किंमत घेतली आणि त्यांच्यातल्याच एका गटाला दक्षिणेकडे जायचं होतं. हे तिन्ही खरं आहे. पण शिकार संपलेली, लाकूड चोरीला जात असलेलं आणि तक्रारीची दाद लागत नसलेली, अशा स्थितीत दिलेल्या संमतीला मी मोकळी संमती म्हणणार नाही. दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे: फ्रीमनने ओटोंची राखीव जमीन घेतली नाही आणि त्याचे कष्ट खोटे नव्हते. मान्य. शिवाय होमस्टेड कायदा त्या काळाच्या मानाने उदार होता; अविवाहित स्त्रिया, विधवा आणि नागरिक होण्याचा इरादा जाहीर केलेले परदेशी, सगळ्यांना अर्ज करता येत असे. मात्र १८६३ साली ओटो माणूस अमेरिकेचा नागरिक मानला जात नव्हता, त्यामुळे त्याच नदीकाठी जन्मलेल्याला तो अर्ज करता येत नव्हता. कष्ट दोघांनीही केले असते. कायद्याने संधी एकालाच दिली. काउंटीच्या इतिहासाची सुरुवात १८६३च्या अर्जापासून करणं मला म्हणूनच चुकीचं वाटतं. ती १८५४च्या तहापासून करायला हवी.

वस्तीचा खरा लोंढा आला तो १८७१ साली रेल्वे बीॲट्रिसला पोहोचल्यानंतर. १८७० साली साडेतीन हजारांच्या आत असलेली काउंटीची लोकसंख्या १८९०च्या नोंदीत ३६ हजारांवर गेलेली दिसते. त्या रेल्वेबद्दल पुढच्या लेखात.