शाळा, शाया आणि वर्णमालेचा तक्ता

नागपूरच्या इतवारीतील एखाद्या प्राथमिक शाळेत तास सुरू असताना दाराशी उभे राहिले, तर "गुरुजी, मी काल शायेत नाही आलो" असे वाक्य कानावर पडण्याची शक्यता बरीच असते. यावर पुष्कळदा होते ते असे, की वर्ग हसतो आणि मुलाला दहा वेळा 'शाळा' म्हणायला लावले जाते. या मुलाच्या जिभेला वळण नाही, असे आपण धरून चालतो. ध्वनिशास्त्राच्या कसोटीवर हे म्हणणे टिकते का, ते पाहू या.

ध्वनींचे वर्गीकरण ही आपल्याकडील फार जुनी विद्या आहे. वर्णमाला आपण पहिलीत पाठ करून घेतो आणि तिथेच सोडून देतो. वास्तविक तो एक शास्त्रीय तक्ता आहे. 'क' पासून 'म' पर्यंतची पंचवीस व्यंजने पाच ओळींत मांडली, की वरून खाली येताना उच्चारस्थान घशाकडून ओठांकडे सरकते : कंठ्य, तालव्य, मूर्धन्य, दंत्य, ओष्ठ्य. आडवे गेले की उच्चाराची रीत बदलते. पहिले दोन रकाने अघोष, पुढचे दोन घोष, दुसरा व चौथा महाप्राण, पाचवा अनुनासिक. मेंडेलेव्हची आवर्तसारणी १८६९ सालची. मूलद्रव्यांच्या जागी ध्वनी मानले तर मांडणीचे तत्त्व तेच, आणि ते दोन हजारांहून अधिक वर्षे आधीचे. प्रातिशाख्य ग्रंथांतील हे विवेचन एकोणिसाव्या शतकात युरोपीय अभ्यासकांच्या हाती पडले. अमेरिकन पंडित व्हिटनी यांनी अथर्ववेदाचे प्रातिशाख्य १८६२ मध्ये प्रसिद्ध केले. आंतरराष्ट्रीय ध्वनिशास्त्र संघटना पॅरिसमध्ये स्थापन झाली ती १८८६ मध्ये. तिच्या तक्त्यातही उच्चारस्थान आणि उच्चाराची रीत हेच दोन अक्ष आहेत.

हा तक्ता वर्गात सिद्ध करून दाखवता येतो. गळ्यावर बोटे ठेवून 'स्' लांबवा, मग 'म्' लांबवा. दुसऱ्या वेळी बोटांना कंप जाणवतो, कारण स्वरतंतू हलत असतात. यालाच घोष म्हणायचे. तोंडासमोर तळहात धरून 'क' आणि 'ख' म्हणा. 'ख' च्या वेळी हवेचा झोत लागतो, तो महाप्राण. उपकरणांचा खर्च शून्य!

मात्र तक्ता संस्कृतसाठी केलेला, आणि आपण बोलतो मराठी. 'जग' हा शब्द 'विश्व' या अर्थाने उच्चारा आणि 'जगणे' मधला 'जग' उच्चारा. अक्षर एक, ध्वनी दोन. पहिला तालव्य, दुसरा दंततालव्य. दुसऱ्यासाठी आपल्या लिपीने वेगळे अक्षर ठेवलेले नाही. आणि 'ळ' तर चौकटीत न बसता अगदी शेवटी येतो.

या 'ळ' चा इतिहास मोठा मजेदार आहे. ऋग्वेदात तो पहिल्याच सूक्तात भेटतो; तिथे तो दोन स्वरांमध्ये सापडलेल्या 'ड' चे रूप आहे. मराठीतला 'ळ' बहुतांशी दुसऱ्या वाटेने आला. संस्कृत-प्राकृतातील एकेरी 'ल' दोन स्वरांमध्ये आला, की मराठीत त्याचा 'ळ' झाला : फल-फळ, कमल-कमळ, शाला-शाळा. जोड 'ल्ल' मात्र 'ल' च राहिला : गल्ल-गाल. 'बिल्व' ही प्राकृतात जोड 'ल्ल' घेऊन आला आणि मराठीत 'बेल' झाला. 'कला', 'बालक' असे शब्द संस्कृतातून थेट उचललेले असल्याने या नियमातून सुटले. 'ळ' ने सुरू होणारा मराठी शब्द का सापडत नाही, याचे उत्तरही इथेच मिळते.

आता वऱ्हाडी-नागपुरीकडे येऊ. डोळा-डोया, केळी-केयी, काळा-काया, जवळ-जवय. पण हाच बोलणारा 'गाल', 'बेल', 'बैल', 'लाल' यांना हात लावत नाही. म्हणजे कोणता 'ल' मुळात एकेरी होता आणि कोणता जोड, हा भेद 'डोया' म्हणणारे मूल नकळत बिनचूक पाळते! जिभेचा आळस असता, तर सगळीच सरमिसळ झाली असती. हिंदीने 'फल' आणि 'गाल' मध्ये एकच 'ल' ठेवून हा भेद पुसून टाकला. किनाऱ्यावरील आगरी-कोळी बोलीतही 'डोला' च म्हणतात. त्या मानाने वऱ्हाडी अधिक काटेकोर ठरते. ग्रियर्सन यांच्या भाषिक सर्वेक्षणाच्या १९०५ च्या सातव्या खंडात वऱ्हाडी आणि नागपुरी यांचा मराठीच्या बोली म्हणूनच विचार झाला आहे.

उच्चाराच्या दृष्टीनेही हा बदल समजण्याजोगा आहे. 'ळ' म्हणताना जिभेचे टोक मागे वळून टाळूला टेकते आणि हवा कडांवरून जाते. टोकाचे हे टेकणे सुटले आणि जिभेचा मधला भाग टाळूजवळ आला, की 'य' ऐकू येतो. पार्श्विक ध्वनीचा 'य' होणे ही काही विदर्भाची खासियत नव्हे. फ्रेंचमध्ये 'मुलगी' या अर्थाचा 'फीय' हा शब्द पूर्वी 'ल्य' सारख्या ध्वनीने संपत असे. स्पॅनिश भाषकांपैकी फार मोठ्या वर्गात हाच बदल झाला आहे. तिथला मूळ ध्वनी तालव्य होता, आपला मूर्धन्य, एवढा फरक.

लेखनात अडचण येते, हे खरे. 'गाळ' आणि 'गाय', 'माळ' आणि 'माय' बोलीत एकच ऐकू येतात, तेव्हा प्रमाण लेखन शिकवावेच लागते. पण 'तुझे चुकते' म्हणण्याऐवजी 'घरी काया, पुस्तकात काळा' अशी जोडी फळ्यावर लिहिली, तर मुलाला नियम हाती लागतो. कुठे बदल करायचा, ते त्याला ठरवता येते.

इतवारीच्या वर्गात याचा एक चांगला प्रकल्प होतो. मराठी, हिंदी आणि घरची बोली अशा तीन रकान्यांत विद्यार्थ्यांनी पन्नास शब्द गोळा करावेत : काळा, काला, काया. ज्या शब्दांत तिन्ही रकान्यांत 'ल' च येतो, ते वेगळे काढावेत आणि त्यांची जुनी रूपे शब्दकोशात पाहावीत. यादीची सुरुवात 'इतवारी' पासूनच करायला हरकत नाही. या शब्दात 'ळ' नाही. पण 'आदित्यवार' चा 'इतवार' होताना कोणकोणते ध्वनी गळाले, हे नववीचे विद्यार्थी तक्ता समोर ठेवून शोधू शकतील.