एका घरातले दोन वाक्प्रचार

परभणीच्या मोंढ्यात पट्टीवरचा आकडा कुणी फिरवला, तर शेतकरी चटकन म्हणेल, "यानं ध चा मा केला." 1948 पर्यंत निजामाच्या राज्यात असलेल्या या मुलखात पुण्याच्या शनिवारवाड्यातलं एक अक्षर येऊन मुरलं, याचं मला फार नवल वाटतं.

30 ऑगस्ट 1773. गारद्यांनी कोवळ्या नारायणराव पेशव्यांना वाड्यातच मारलं. काका राघोबादादांनी हुकमात 'धरावे' लिहिलं होतं, त्यांच्या पत्नी आनंदीबाईंनी त्याचं 'मारावे' केलं, असं आपण पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलो.

आता जरा थांबून पाहू. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी दोषी धरलं ते राघोबादादांना. आनंदीबाईंनी अक्षर बदलल्याचं ग्रँट डफ यांनी 1826 च्या आपल्या इतिहासात नोंदवलं, तेही लोकांची समजूत म्हणून. तोवर खुनाला 53 वर्षं लोटली होती. शिवाय या कथेचा काटा कुणाकडे झुकतो? अक्षर बदललं असेल, तर दादांचा गुन्हा नुसत्या कैदेच्या हुकमापुरता उरतो आणि रक्त बाईंच्या माथी जातं.

हजारो मैलांवर रोममध्येही असंच घडलं. सम्राट ऑगस्टस इसवी सन 14 मध्ये, पंचाहत्तरी गाठून वारला. तरी राज्यकारभार जाणणाऱ्या त्याच्या पत्नीने, लिव्हियाने, झाडावरच्या अंजिरांना विष चोळलं अशी वदंता उठली. ती लिहून ठेवणारा कॅशियस डिओ सुमारे दोनशे वर्षांनंतरचा. सत्तेजवळची बाई आणि घरातला मृत्यू, एवढ्यावर लोकांनी निकाल दिला.

आनंदीबाई राजकारणात होत्या, नवऱ्याच्या बाजूने ठामपणे उभ्या होत्या. त्या निर्दोष होत्या, असं छातीठोकपणे म्हणता येणार नाही. पण संशय आणि पुरावा यांतलं अंतर त्यांच्या वाट्याला कधी आलंच नाही. 1783 मध्ये दादा कोपरगावी वारले. 1794 मध्ये बाई नाशिकजवळ आनंदवल्लीला गेल्या.

या जोडप्याने मराठीला दोन वाक्प्रचार दिले. दादांच्या 1758 च्या उत्तरेतल्या स्वारीतून 'अटकेपार झेंडा' आला. तो आजही कौतुकाने मिरवतो. न्यायाधीशाने दोषी धरलेल्या माणसाच्या नावावर भाषेने पराक्रम ठेवला आणि खून त्याच्या बायकोच्या.