काळाची उचल आणि ठेव : पंचांगाचे सोलापूर

एच. जी. वेल्स यांची ‘द टाइम मशीन’ ही कादंबरी 1895 मध्ये आली आणि काळावर हुकमत चालवणारी यंत्रे व वास्तू विज्ञानकथेत रुळत गेल्या. परंतु दिवस गाळणे, एकच तिथी दोन दिवस मोजणे किंवा वर्षात आख्खा महिना वाढवणे ही कामे सोलापुरात शतकाहून अधिक काळ कागदावर आणि नियमाने होत आली आहेत, कारण लक्ष्मणशास्त्री ऊर्फ नानाशास्त्री दाते यांनी शके 1838 मध्ये, म्हणजे 1916 साली, सुरू केलेले दाते पंचांग याच शहरातून प्रसिद्ध होते.

काळ भांड्यात साठवण्याची रीत त्याहून कितीतरी जुनी आहे. तळाला बारीक छिद्र असलेली तांब्याची वाटी घंगाळातील पाण्यावर तरंगत ठेवली की ती हळूहळू भरून एका घटिकेत, म्हणजे 24 मिनिटांत, बुडत असे, आणि लग्नाचा मुहूर्त या घटिकापात्रावर नजर ठेवूनच साधला जाई. पंचांग मात्र अशा सारख्या मापांनी चालत नाही. चंद्र सूर्यापासून 12 अंश पुढे सरकला की एक तिथी पुरी होते, आणि चंद्राची गती कमीजास्त होत असल्याने ती कधी 20 तासांची, तर कधी जवळजवळ 27 तासांची भरते. सूर्योदयाला जी तिथी चालू असेल ती त्या दिवसाची, असा नियम असल्यामुळे दोन सूर्योदयांच्या मध्येच सुरू होऊन संपणाऱ्या तिथीला दिवस मिळत नाही व तिला क्षयतिथी म्हणतात. दोन सूर्योदयांना स्पर्श करणारी ती वृद्धितिथी.

दिवाळीचा दिवस कोणता, हा प्रश्न येथूनच उपजतो. 2024 मध्ये अमावास्या 31 ऑक्टोबरला दुपारी चारच्या सुमारास लागली आणि 1 नोव्हेंबरला संध्याकाळी सव्वासहाच्या सुमारास संपली. लक्ष्मीपूजनाला प्रदोषकाळ, म्हणजे सूर्यास्तानंतरच्या सहा घटिका, महत्त्वाचा मानला जातो आणि अमावास्या दोन्ही दिवशीच्या प्रदोषाला स्पर्श करत होती. अशा वेळी दुसरा दिवस घ्यावा या वचनाच्या आधारे महाराष्ट्रातील बहुसंख्य पंचांगांनी 1 नोव्हेंबर दिला, तर उत्तरेत अनेक ठिकाणी पूजन आदल्या दिवशीच झाले. गणित दोघांचे एकच होते, निर्णय वेगळे झाले. आणि पंचांगकर्त्याचे खरे मोल आकडेमोडीइतकेच या निर्णयाची कारणे लोकांपुढे मांडण्यात आहे, हे ठामपणे म्हटले पाहिजे.

सूर्योदय स्थळागणिक बदलतो, म्हणून एका गावासाठी काढलेली वेळ दुसऱ्या गावी लावताना रेखांशातील फरकासाठी देशांतर आणि अक्षांशामुळे पडणाऱ्या फरकासाठी चर हे संस्कार करावे लागतात. सोलापुरात सूर्य मुंबईपेक्षा सुमारे 12 मिनिटे आधी माथ्यावर येतो, आणि 1 जानेवारी 1906 पासून लागू झालेली भारतीय प्रमाणवेळ सोलापूरच्या स्थानिक मध्यम वेळेपेक्षा सुमारे 26 मिनिटे पुढे आहे.

याच शहराने काळाची दुसरी, कठोर सत्ताही सोसली. 1877 मध्ये सुरू झालेल्या सोलापूर स्पिनिंग अँड व्हीव्हिंग मिलने, म्हणजे लोकांच्या तोंडच्या जुन्या गिरणीने, आणि नंतरच्या गिरण्यांनी शहराचे उठणे, जेवणे, पाळ्या बदलणे भोंग्याला बांधून टाकले. प्रौढ पुरुष कामगाराच्या कापड गिरणीतील दिवसाला 12 तासांची कायदेशीर मर्यादा पडायलाही 1911 चा कारखाना कायदा यावा लागला. पंचांगातील तिथी ज्याला गणित येते तो पडताळून पाहू शकतो. भोंगा कधी वाजावा हे ज्याच्यासाठी तो वाजे, त्याला कधीच विचारले गेले नाही.

पंचांगातील सर्वांत मोठी जुळवणी अधिक मासाची. बारा चांद्रमासांचे वर्ष सुमारे 354 दिवसांचे, सौरवर्ष 365 दिवसांहून थोडे अधिक. दरवर्षी राहणारी ही जवळजवळ 11 दिवसांची थकबाकी सरासरी साडेबत्तीस महिन्यांनी एका महिन्याने फेडली जाते. ज्या चांद्रमासात सूर्याची एकही संक्रांत होत नाही, म्हणजे सूर्य राशी बदलत नाही, तो अधिक मास. 18 जुलै ते 16 ऑगस्ट 2023 हा अधिक श्रावण याच नियमाने आला. राशिचक्राचा आरंभबिंदू चित्रा ताऱ्यावरून धरायचा की रेवतीच्या योगताऱ्यावरून, यावर मात्र मतभेद आहे. दाते पंचांग चित्रापक्षाचे आहे, टिळक पंचांग रैवतपक्षाचे. दोहोंतील सुमारे चार अंशांच्या फरकाने संक्रांतीही तितक्याच दिवसांनी पुढेमागे होतात आणि काही वर्षी अधिक मास कोणता याबद्दलही एकमत होत नाही.

याउलट एकाच चांद्रमासात दोन संक्रांती आल्या तर तो क्षयमास ठरून महिन्यांच्या नामावळीतून गळतो, आणि त्याच्या अलीकडे व पलीकडे एकेक अधिक मास येऊन हिशेब पुन्हा जुळतो. हिवाळ्यात सूर्याची दृश्य गती सर्वाधिक असल्यामुळे क्षयाची पाळी त्याच सुमाराच्या महिन्यांवर येते. असे क्षयमास साधारणपणे 19 किंवा 141 वर्षांच्या अंतराने पडतात : 1963-64 मध्ये एक आला, 1982-83 मध्ये दुसरा, आणि पुढचा 2123-24 मध्ये येणार आहे.