चौरंगावर नाचायचं, की चौरंग वाजवायचा?

'ला बांबा' हे गाणं तुम्ही कुठे ना कुठे ऐकलं असणारच. १९५८ साली रिची व्हॅलेन्सने ते रॉक अँड रोलमध्ये आणलं आणि ते जगभर पोचलं. मुळात ते मेक्सिकोच्या व्हेराक्रूझ भागातलं, 'सोन हारोचो' या लोकसंगीतातलं. तिथे ते दोन-तीन मिनिटांत आटोपत नाही. लोक रात्रभर एका लाकडी चौरंगाभोवती जमतात, आळीपाळीने पदं म्हणतात, काही तिथल्या तिथे रचतात. या जमण्याला म्हणतात फांदांगो.

तो चौरंग म्हणजे 'तारिमा'. आतून पोकळ. भरीव फळीवर टाच आपटली तर नुसतं 'ठक्' होतं. खाली पोकळी असली की आतली हवा आणि वरची फळी दोन्ही थरथरतात, आवाज घुमतो. (एमएस्सीचं अनुनादाचं प्रकरण इथे कामाला येईल असं वाटलं नव्हतं!) म्हणजे नाचणारी बाई नुसती नाचत नसते, ती ताल वाजवत असते.

मार्था गोन्झालेझ यांच्या कामात हा मुद्दा मध्यवर्ती आहे. त्या लॉस एंजेलिसच्या पूर्व भागातल्या, 'केत्साल' बँडच्या गायिका आणि तालवादक. स्वतःला त्या चिकाना म्हणवतात. मेक्सिकन वंशाच्या अमेरिकन लोकांना हिणवायला वापरला जाणारा हा शब्द १९६०च्या दशकातल्या चळवळीने अभिमानाने स्वतःकडे घेतला. केत्सालच्या 'इमॅजिनरीज' अल्बमला २०१३ साली ग्रॅमी मिळालं, त्याच वर्षी मार्थांची पीएचडी झाली. (आमच्याकडे एक प्रकरण लिहून होईना!) आता त्या स्क्रिप्स कॉलेजात प्राध्यापक आहेत, २०२२ साली मॅकआर्थर फेलोशिपही मिळाली. कला आणि चळवळ एकत्र करणाऱ्यांसाठी त्या 'आर्टिविस्ता' हा शब्द वापरतात.

१९९७ साली पूर्व लॉस एंजेलिसचे काही कलाकार चियापासमध्ये झापातिस्ता गावकऱ्यांना भेटायला गेले. नुसते कार्यक्रम करून परत आले नाहीत, तिथल्या लोकांसोबत बसून गाणी रचली. त्यातून सामूहिक गीतरचनेची पद्धत रुजली. लोकांना त्यांचे अनुभव बोलायला सांगायचं, त्यातले शब्द निवडायचे, चाल सगळ्यांनी मिळून बसवायची. 'मला गाता येत नाही' म्हणणाराही शेवटी गाण्याचा एक कवी असतो.

पण मला सगळ्यात आवडलं ते दुसरंच काम. फुलब्राइट शिष्यवृत्तीवर व्हेराक्रूझला असताना मार्थांनी तिथल्या आणि अमेरिकेतल्या बायकांना घेऊन 'एन्त्रे मुहेरेस', म्हणजे बायका-बायकांत, हा प्रकल्प केला. अडचण साधी होती. स्टुडिओचं भाडं तासावर, आणि लहान मूल कडेवर असलेल्या बाईने तिथे जायचं कसं? मग लॅपटॉप घेऊन घरातच रेकॉर्डिंग केलं, पोरंबाळं अवतीभवती असताना. आपण 'बायका संगीतात कमी का?' असं विचारतो तेव्हा उत्तर अनेकदा प्रतिभेत नसतं, ते खोलीत आणि वेळापत्रकात असतं. प्रयोगशाळेतही हेच चालतं, पण तो विषय पुढच्या लेखात.

मार्थांचं काम वाचताना मी जरा अस्वस्थ झाले. माझ्या संशोधनात नमुना काचेपलीकडे आणि मी अलीकडे. त्या मात्र ज्याचा अभ्यास करतात त्यातच पाय आपटत उभ्या असतात. मग तटस्थपणाचं काय? मला वाटतं, टाचेचा ठोका कुठे पडतो हे चौरंगावर चढल्याशिवाय कळणारच नाही, तेव्हा इथे लांब राहणं ही अचूकता नव्हे, उणीव ठरेल.

'इमॅजिनरीज' हेडफोन लावून ऐका. गिटारसारखं छोटं वाद्य ऐकू येईल, ती हाराना. त्याच्याखाली ढोलकासारखं काही घुमलं, तर आधी पायांचा विचार करा.