माप घेऊन शिवलेलं स्वयंपाकघर

लांबी 3.4 मीटर, रुंदी 1.9 मीटर. 1926 साली फ्रांकफुर्टमध्ये या मापाचं स्वयंपाकघर आखलं गेलं आणि पुढच्या काही वर्षांत नगरपालिकेच्या घरांमध्ये अशी सुमारे 10,000 स्वयंपाकघरं बसली.

महायुद्ध हरलेल्या जर्मनीत घरांची भीषण टंचाई होती. 1923च्या महागाईनं मध्यमवर्गाची पुंजी मातीमोल केली. घरमालकांची कर्जं मात्र त्याच लाटेत फिटली. सरकारनं 1924मध्ये त्यांच्यावर कर बसवून तो पैसा नव्या घरांकडे वळवला. फ्रांकफुर्टमध्ये त्यातून वसाहती उभारल्या वास्तुरचनाकार अर्न्स्ट माय यांनी, आणि स्वयंपाकघर सोपवलं व्हिएन्नाहून आलेल्या मार्गारेटे लिहोत्स्की यांच्यावर.

गंमत म्हणजे बाईंना स्वयंपाक येत नव्हता. तसं त्यांनीच पुढे सांगितलं. त्यांनी कारखान्यातला वेळेचा आणि हालचालींचा हिशेब घरात आणला, आगगाडीच्या भोजनडब्यातली इवलीशी मुदपाकखान्याची जागा अभ्यासली. मग एकेक बारकावा ठरत गेला. तांदूळ-साखरेसाठी चोचीचे ॲल्युमिनियमचे खण, म्हणजे थेट पातेल्यात ओतता येतं. पिठाचा खण ओकचा, कारण ते लाकूड किड्यांना मानवत नाही. ओट्यातच कचऱ्याचा खण, भिंतीला दुमडणारी इस्त्रीची फळी, उंची बदलणारं स्टूल, छतावर सरकणारा दिवा. कपाटांना निळा-हिरवा रंग, कारण त्यावर माश्या बसत नाहीत असा तेव्हाचा समज. बैठकीच्या खोलीकडे सरकतं दार, पोरांवर नजर राहावी म्हणून.

खर्च घरभाड्यातच धरलेला, महिन्याला साधारण एक मार्क. बाईचे कष्ट कमी व्हावेत ही तळमळ खरी होती.

पण कामगारांची कुटुंबं आजवर स्वयंपाकघरातच जेवत, बसत, तिथंच मुलं अभ्यास करत. नव्या खोलीत टेबल मावेना. काहींनी तरीही ते घुसवून पाहिलं. दुसऱ्या माणसाला तर उभं राहायलाही जागा नव्हती, त्यामुळे मदतीला येणाऱ्याची वाट आखणीतच बंद झाली. 1970च्या दशकात स्त्रीवाद्यांनी नेमकं यावरच बोट ठेवलं. आक्षेप रास्त होता, पण दोष एकट्या लिहोत्स्कींचा नव्हता: ओट्यापाशी बाईच असणार, हे त्या काळानं आधीच ठरवून टाकलं होतं.

1930मध्ये त्या माय यांच्यासोबत सोव्हिएत संघात गेल्या. पुढे नाझींविरुद्धच्या भूमिगत चळवळीत उतरल्या, 1941मध्ये व्हिएन्नात पकडल्या गेल्या आणि 1945पर्यंत तुरुंगात राहिल्या. 2000 साली, 103व्या वाढदिवसाच्या काही दिवस आधी त्यांचं निधन झालं. तोवर भेटायला येणारा जो तो त्या स्वयंपाकघराविषयीच विचारी, आणि त्याचा त्यांना मनस्वी कंटाळा येई.