तिसरा हिस्सा, पण कशाचा?

अपूर्णांकाचे शाब्दिक उदाहरण आले की मुले वही मिटतात. 'आम्हाला कुठलं गणित?' म्हणून आपण उठू नये. पगाराचे हिस्से तर आपण दर महिन्याला करतोच.

समजा, कोल्हापूरच्या उद्यमनगरातील एका कामगाराने पगाराचा चौथा हिस्सा घरभाड्याला दिला, पगाराचाच तिसरा हिस्सा किराण्याला. हाती ५,००० रुपये उरले. पगार किती?

'क्ष' जरा बाजूला राहू द्या. पगार १२ रुपये धरा, कारण १२ चे तीन आणि चार असे दोन्ही वाटे सरळ पडतात. भाडे ३, किराणा ४, उरले ५. प्रत्यक्षात उरलेत ५,०००, म्हणजे हजारपट. तेव्हा पगार १२,०००. भास्कराचार्यांनी ११५० च्या 'लीलावती'त या रीतीला इष्टकर्म म्हटले आहे.

खरी फसगत वाचण्यात होते. किराण्याला 'उरलेल्याचा तिसरा हिस्सा' असे लिहिले असेल तर? पगाराचे चार वाटे करा. एक भाड्याला गेला, राहिले तीन. त्या तिनांतला एक किराण्याला. शिल्लक दोन वाटे, तेच ५,०००. म्हणजे एक वाटा २,५०० आणि पगार १०,०००. एका शब्दापायी दोन हजारांचा फरक! हुशार मुलेही इथेच गुण घालवतात.

म्हणून उदाहरण मोठ्याने वाचायला लावा. प्रत्येक अपूर्णांकापाशी थांबवून विचारा, 'कशाचा हिस्सा?' मग ताळा पाहा : भाडे २,५००, किराणा २,५००, शिल्लक ५,०००.